पुसेगावचा आलेपाव

माझे गाव पुसेगाव, असे सांगितले की समोरचा माणूस आदराने हात जोडतो आणि म्हणतो, "वा! म्हणजे सेवागिरी महाराजांचे!" हा नमस्कार मला दर वेळी, संपादकांच्या भाषेत सांगायचे तर, साभार परत करावा लागतो. सेवागिरी महाराजांचे पुसेगाव सातारा जिल्ह्यातले, खटाव तालुक्यातले. आमचे पुसेगाव हिंगोली जिल्ह्यातले, सेनगाव तालुक्यातले. दोहोंच्या मध्ये अर्धा महाराष्ट्र आडवा पडला आहे.

त्यातून हिंगोली तरी कुठे, असे विचारणारा दहांत एक निघतोच. त्याचाही दोष नाही. हिंगोलीचा वेगळा जिल्हा झाला तो १ मे १९९९ रोजी. त्याआधी आम्ही परभणीकर होतो. १९४८ च्या सप्टेंबरपर्यंत निजामाच्या राज्यात होतो, १९५६ साली द्विभाषिक मुंबई राज्यात गेलो, आणि १९६० साली महाराष्ट्रात आलो. माझे वडील, अण्णा, म्हणत, "मी जागचा हललो नाही, राज्येच माझ्या अंगावरून गेली."

दोन्ही पुसेगावांत आणखी एक भेद आहे. सातारा जिल्हा आल्याचा, आमचा जिल्हा हळदीचा. आमच्याकडच्या वसमतच्या हळदीला तर भौगोलिक मानांकनही मिळाले आहे. वनस्पतिशास्त्राचे माझे सहकारी सांगतात की आले आणि हळद एकाच कुळातली. दोन्ही जमिनीत आडवी वाढतात, दोहोंचा खातो तो भाग मूळ नसून खोड असते. म्हणजे दोन पुसेगावांच्या वाट्याला दोन सख्ख्या बहिणी आल्या म्हणा ना! हे सारे मी उगाच सांगत नाही. गेल्या दिवाळीत आमच्या हळदीच्या पुसेगावात आल्याची जी करामत झाली, तिची ही प्रस्तावना समजा.

गेल्या वर्षी ज्येष्ठात अण्णा गेले. दिवाळीच्या आधी वर्षश्राद्ध होणार नव्हते, म्हणजे घरात दिवाळी नव्हती. आमच्याकडे अशा वर्षी तळणीची कढई चुलीवर चढत नाही. चकली नाही, करंजी नाही, अनारसे नाहीत. आकाशकंदील माळ्यावरच राहतो. तरी आईला एकटीला कसे ठेवायचे, म्हणून आम्ही पुण्याहून निघालो: मी, सौ., चिरंजीव आणि माझी धाकटी बहीण.

धाकटी इंग्लंडात लीड्सला असते. अण्णा गेले तेव्हा ती पायाचे हाड मोडून अंथरुणावर पडली होती. डॉक्टरांनी विमानात पाऊल ठेवू दिले नाही. अण्णांचे शेवटचे दर्शन तिने फोनच्या काचेतून घेतले. फोन मी धरला होता. माझा हात हलत होता, म्हणून तेही तिला धड दिसले नाही. पाय बरा झाल्यावर ती आली ती दिवाळीतच. आईने तिला दारात जवळ घेतले, भाकरतुकडा ओवाळून टाकला, "पाय कसा हाय?" विचारले. मात्र ज्येष्ठातल्या त्या दिवसाचा विषय दोघींपैकी एकीनेही काढला नाही.

हिंगोलीला रात्रीची बस पहाटे पोहोचते. माझ्या लहानपणी पूर्णा-अकोला ही मीटरगेजची गाडी हिंगोलीवरून जाई, आणि तिच्या खिडकीतून उडी मारून मुले पुढच्या डब्यात जात, इतका तिचा स्वभाव शांत होता. आता रूळ रुंद झाले, गाड्या लांबच्या झाल्या. पुढे एस.टी.ने निघालो की दोन्ही बाजूंना काळीभोर जमीन. दिवाळीच्या सुमारास सोयाबीन निघालेले असते, त्याच्या गंजी लागलेल्या असतात. तूर फुलावर येऊ घातलेली. आणि हळद मात्र ऐन भरात, कर्दळीसारखी रुंद पाने हलवीत उभी. तिला काढायला अजून काही महिने अवकाश असतो. संत नामदेवांची नरसी याच भागात, आणि कयाधू नदीही. धाकटी खिडकीशी बसून सारे बघत होती, आणि चिरंजीव तिला हळद ओळखायला शिकवीत होते, जणू तीच पाहुणी!

दुसऱ्या दिवसापासून ताटे येऊ लागली. ज्या घरी दिवाळी नाही त्या घरी शेजारपाजाऱ्यांनी फराळ पोहोचवायचा, ही आपल्याकडची जुनी आणि फार शहाणी रीत आहे. वसुबारसेच्या संध्याकाळपर्यंत ओट्यावर सात घरची सात ताटे झाली. प्रत्येकाची शेव निराळी, चिवडा निराळा. चिरंजीवांना हे सुतक भलतेच मानवले असावे.

आई मात्र त्या ताटांकडे पाहून बेचैन होई. शेजारचे ताट रिकामे परत पाठवायचे नाही, हा तिचा उभ्या जन्माचा नेम. दर वर्षी याच सात घरी तिच्या करंज्या जात. यंदा काय घालायचे? चिमूटभर साखर घालून पाठवायची, दुसरे काय! "साखर घालून दिलं म्हंजे दिलंच की," असे ती म्हणाली खरी. पण ताटे धुऊन पुसून पालथी घालताना ती दोनदा मोजली.

रात्री धाकटी मला म्हणाली, "भाऊ, ती ताटं मी भरते. जिंजरब्रेड करते."

यॉर्कशायरमध्ये, म्हणजे ज्या परगण्यात लीड्स आहे तिथे, ५ नोव्हेंबरला गावोगाव होळ्या पेटवतात. १६०५ साली पार्लमेंटखाली दारूची पिंपे ठेवून राजाला उडवण्याचा कट झाला; त्यातला पकडला गेलेला गाय फॉक्स यॉर्कचाच. कट फसला त्याच्या आनंदाची ही होळी, फटाक्यांसकट. त्या रात्री तिकडे 'पार्किन' नावाचा एक प्रकार खातात: ओटचे भरड पीठ, काकवीसारखा काळा पाक आणि सुंठ. जिंजरब्रेडचाच हा उत्तरेकडचा चुलतभाऊ. पहिल्या वर्षी घरची आठवण येऊन ती फटाक्यांत रडत उभी होती. तेव्हा शेजारच्या म्हाताऱ्या बाईंनी तिच्या हातावर हा तुकडा ठेवला. तोंडात घालताच तिला अण्णा आठवले. अण्णा रोज पहाटे सुंठ-गुळाची गोळी करून खात, आणि आईने ती कशीही केली तरी म्हणत, "सुंठ कमी पडली."

सकाळी तिने आईपुढे विषय काढला. आई म्हणाली, "वर्षाच्या आत कढई नको गं बाई."

"कढई नाहीच. तळायचं नाही, भाजायचं आहे."

आईने ज्वारीचे पीठ चाळायला घेतले होते. ती चाळता चाळता थांबली. आमच्याकडे नवसाचे रोडगे गोवऱ्यांच्या आरात भाजतात. भाकरी तर रोजच तव्यावरून आरात जाते. तिने मनाशी हे सारे तोलले असावे. "भाजणं म्हंजे भाकरीच की," ती म्हणाली. "भाकरीला कुठं सुतक असतंय?"

निर्णय लागला. आता मी शब्दांची कुळे सांगून पोट भरणारा माणूस. मला गप्प कसे बसवेल? मी सांगू लागलो की 'आले' हा शब्द 'आर्द्रक' यावरून आला. आर्द्रक म्हणजे ओले. वाळले की तीच 'शुंठी', म्हणजे सुंठ. संस्कृतात आल्याला आणखी एक नाव आहे, 'शृंगवेर'. रामायणातल्या गुहाच्या नगरीमुळे, शृंगवेरपुरामुळे, हा शब्द आपल्या कानावरून गेलेला असतो. पालीत तो 'सिंगिवेर' झाला, व्यापाऱ्यांबरोबर ग्रीकांकडे जाऊन 'झिंगिबेरिस' झाला, लॅटिन आणि फ्रेंच मुलखांतून फिरत इंग्लंडात पोहोचला तो 'जिंजर' होऊन. आणि गंमत अशी की संस्कृताचाही तो मूळचा नव्हे. दक्षिणेतल्या 'इंजी' या शब्दाला 'वेर', म्हणजे मूळ, जोडून तो झाला, असे भाषाशास्त्रज्ञ मानतात. आल्याचा तुकडा शिंगासारखा दिसतो, म्हणून संस्कृताच्या कानाला त्यात 'शृंग' ऐकू आले!

"आणि ब्रेड?" सौ.ने विचारले. ती पुराव्याशिवाय ऐकत नाही.

ब्रेडचीही तीच गत. जुन्या फ्रेंचमध्ये 'जिंजब्रास' असा शब्द होता. अर्थ, पाकात मुरवलेले आले. इंग्रजांच्या कानाला त्या 'ब्रास'मध्ये आपला ब्रेड ऐकू आला. पावाशी त्याचा आधी काही संबंध नव्हता.

"मुरवलेलं आलं म्हणजे आलेपाकच की!" सौ. म्हणाली.

"मग आलेपाक म्हणा," आई म्हणाली, "अन् हात धुऊन या."

चिरंजीवांनी लगेच बारसे केले: आलेपाव. तेच नाव पुढे गावात चालले.

आता कृती सांगतो, कारण गृहिणी वाचकांना शब्दकुळांपेक्षा तिच्यातच रस असणार. एक वाटी कणीक, ओटऐवजी एक वाटी ज्वारीचे पीठ, एक वाटी चिरलेला गूळ, अर्धी वाटी तूप. दोन चमचे सुंठपूड, एक चमचा ताजे किसलेले आले, चार लवंगा आणि बोटभर दालचिनी कुटून, चिमूटभर मीठ, पाऊण चमचा खाण्याचा सोडा. तिकडे यात अंडे घालतात. आमच्या स्वयंपाकघरात तो प्रश्न निघाला नाही. सात घरे म्हणून सारे दुप्पट.

पहिला घाणा फसला. धाकटीने गूळ, तूप आणि दूध एकत्र करून चुलीवर ठेवले, आणि पाहता पाहता दूध फाटले. आई बाजूलाच बसली होती. "गूळ अन् दूध कुणी उकळतं का गं? कामून नाही विचारलंस?" धाकटी काही बोलली नाही. तिच्याकडचा पाक आणि आपला गूळ यांचा स्वभाव एक नाही, हे तिच्या ध्यानात आले नव्हते. दुसऱ्या खेपेला गूळ नुसत्या तुपात आणि थोड्या पाण्यात विरघळवून गार केला, आणि दुधाच्या जागी एक वाटी ताक घेतले. ही तोड आईची, आणि ती शास्त्राला धरूनही होती. सोड्याला फुगायला काहीतरी आंबट लागते. तिकडे ते काम काळा पाक करतो, इथे ताकाने केले. कोरडे जिन्नस एकत्र चाळून, मधोमध आळे करून हे ओतायचे आणि गुठळी मोडेपर्यंतच ढवळायचे. फार घोटले तर पाव चिवट होतो.

आता भट्टी. घरात ओव्हन नाही. रेती भरून तापवायला जाड बुडाचे मोठे भांडे हवे; आणि तसले भांडे घरात एकच, ती लोखंडी कढई! आम्ही सारे एकमेकांकडे पाहू लागलो. आईने मला शेजारी पिटाळले. मी त्यांच्या बांधकामावरचे घमेले घासून पुसून आणले. घमेल्यात बोटभर रेती, रेतीवर लोखंडी तिवई, तिवईवर डबा, वर परात पालथी, परातीवर गोवरीचे निखारे. डब्याला आतून लावायला कागद नव्हता. आई परसात गेली आणि तिथल्या वाफ्यातल्या हळदीची चार पाने घेऊन आली. पाने तुपाने माखून डब्यात अंथरली. आल्याच्या खाली हळद. दोघी बहिणी एका डब्यात नांदल्या.

आच बेताची हवी. लीड्सच्या ओव्हनला आकडे असतात. आमच्या घमेल्याला आईचा हात होता. ती परातीवर तळहात धरी, मनात मोजी, आणि एखादा निखारा काढी किंवा घाली. रोडगे भाजणाऱ्या हाताला हे नवे नव्हते. असे पाऊण तास बसायचे. चिरंजीव पाचव्या मिनिटाला पळाले. सौ. लवंगा आणि सुंठेची उरलेली पूड भरून ठेवायला आत गेली. मी ओसरीवर वर्तमानपत्र घेऊन बसलो.

चुलीपाशी दोघीच राहिल्या. बराच वेळ चिमट्याचा आवाज तेवढा येत होता. मग आईचा आवाज आला, नेहमीसारखाच, भाजीचा भाव सांगावा तसा. "त्या दिशी पहाटं उठले. गोळी खाल्ली. म्हणले, पाऊस येतो बघ आज." ती सांगत गेली. डॉक्टर किती वाजता आला, कोण कोण धावले, पाऊस खरेच आला का, अण्णांनी शेवटचे कुणाचे नाव घेतले. यातले काही मलाही ठाऊक नव्हते. मी विचारले नव्हते. मुलगा म्हणून माझ्याकडे लाकडांची, गुरुजींची, दाखल्याची कामे होती. मध्येच धाकटी म्हणाली, "मी यायला पाहिजे होतं आई." आई म्हणाली, "मोडक्या पायानं? लेकरा, त्यांनीच म्हणलं असतं, येऊ नको." त्यानंतरचे मी ऐकले नाही. वर्तमानपत्र घेऊन अंगणात गेलो.

परत आलो तेव्हा घरभर वास सुटला होता. सुंठ, गूळ, तापलेली हळदीची पाने. धाकटीचे डोळे लाल होते. धुराला नाव ठेवायची सोय होती. आईने डब्यात सुरी टोचली, ती कोरडी निघाली. पाव चांगला गडद, विटकरी रंगाचा, मधोमध थोडा भेगाळलेला. दुसरा डबा लगेच चढला.

"आता कापा!" चिरंजीव हजर झाले. परंतु हा पदार्थ उतावळ्यांचा नाही. पार्किनसारखाच तोही डब्यात झाकून तीन-चार दिवस ठेवला की मऊ पडतो, गूळ मुरतो, सुंठेचा ठसका आतवर जातो. नवा असताना तो नुसता तिखट-गोड लागतो. आईला हे फार पटले. "लोणच्यासारखं," ती म्हणाली. धनत्रयोदशीला भाजलेला पाव भाऊबिजेपर्यंत उतरंडीशेजारी झाकून राहिला. लक्ष्मीपूजनाच्या रात्री गाव उजळला. आमच्या उंबऱ्यावर एकच पणती होती. यंदा ती एकटी पुरे झाली.

भाऊबिजेच्या सकाळी लिंबाचे आयसिंग. याला चूल लागत नाही. विहिरीजवळच्या कागदी लिंबाची दोन लिंबे आणली. आधी साल किसणीवर हलकेच किसायची, वरची रंगीत तेवढीच. आतली पांढरी आली तर कडू होते. मग एक वाटी पिठीसाखरेत चमचा-चमचा रस घालत जायचा. दीड-दोन चमच्यांत लेप चमच्यावरून रिबिनीसारखा पडू लागला की थांबायचे. पाव पुरता गार असला पाहिजे, नाहीतर सारे विरघळून खाली जाते. गडद पावावर तो पांढरा लेप ओघळला, वर सालीचा हिरवा-पिवळा कीस. तासाभरात घट्ट झाला. गूळ-सुंठेच्या जडपणाला लिंबाच्या आंबटाने अशी फोड मिळते की दुसऱ्या तुकड्याला हात जातोच.

धाकटीने मला ओवाळले. तबकात हळदकुंकू, सुपारी आणि आलेपावाचा एक तुकडा. मग आईने सातही ताटे उलटी केली, पुसली, आणि प्रत्येकात चार-चार तुकडे मांडले. ती ताटे धाकटीच घेऊन गेली, एकेक घर करीत. तीन तासांनी परतली. सात घरी तिला बसवून घेतले होते. सात घरी अण्णांची गोष्ट निघाली होती. ज्या सात घरची माणसे त्या दिवशी आमच्या अंगणात उभी होती, त्यांच्याकडून तिने तो दिवस सात वेळा ऐकला. आल्यावर ती जेवली नाही, गाढ झोपली.

ताटांत चार-चार वाटल्यावर आईला काही उरले नव्हते. कडेचा एक तुकडा मी लपवून ठेवला होता, तो चहाबरोबर तिच्यापुढे धरला. तिने तो सावकाश खाल्ला. शेवटचा कण बोटाने टिपला. आणि म्हणाली, "सुंठ कमी पडली."

आम्ही दोघेही थोडा वेळ गप्प होतो. मग ती उठली आणि घमेले परत द्यायचे राहिले, म्हणून मला ओरडली.

यंदा वर्षश्राद्ध झाले आहे. कढई चढेल, करंज्या होतील, कंदील माळ्यावरून खाली येईल. धाकटीला यंदा सुटी नाही. परवा आईचा फोन आला. अनारशाचे पीठ तयार आहे, भाजणी दळून आणली आहे, हे सारे सांगून झाल्यावर तिने विचारले, "त्या पावाला सोडा किती घातला होता रे?" मी सांगितले. "अन् येताना सुंठ आण," ती म्हणाली, "जरा जास्तीचीच आण."